जव भाजून होईपर्यंतचं गाणं

आज सकाळी स्वयंपाकघराची खिडकी किलकिली केली आणि कुंपणापलीकडून भाजलेल्या जवाचा वास आत आला. बरोबर भाजलेल्या जवाचा. हे 'बरोबर' मी मुद्दाम म्हणते आहे, कारण मधली कितीतरी वर्षं तो कधी कच्चट, कधी चक्क करपलेला यायचा आणि मी खिडकी लावून घ्यायची. जव म्हणजे तरी काय, आपले सातूच. मिरजेला आमची आई सातू भाजायला बसली की ती कढईकडे न बघता नुसत्या वासावर सांगायची, आता पुरे. इथे लंडनच्या टोकाला पिनरमध्ये, मागच्या अंगणातल्या ओल्या गवतावर सफरचंदं पडून कुजत असताना, तो वास नाकात शिरला की क्षणभर मला आपण नक्की कुठल्या घरात उभ्या आहोत याचा विसर पडतो. मग गॅसवरचा चहा उतू जातो आणि मी जागेवर येते.

हा वास आमच्या आळीत आणला तो शेजारच्या आजोबांनी. आमची शेजारीण मूळची कोरियाची. तरुणपणी नर्स म्हणून इथे आली, एका अबोल, भल्या इंग्रज माणसाशी लग्न केलं, आणि त्याच्या माघारीही त्याच घरात राहिली. आमची दोघींची वयं जवळपास सारखी, त्यामुळे मैत्रीला कुंपण कधी आड आलं नाही. तिची आई सेऊलमध्ये वारली तेव्हा तिने वडिलांना इकडे आणलं. आम्ही त्यांना आजोबाच म्हणू लागलो. मराठीतून. त्यांना तो शब्द इतका आवडला की माझ्या नवऱ्यालाही ते उलट 'आजोबा' म्हणू लागले आणि आमचे हे, तेव्हा पन्नाशीसुद्धा न ओलांडलेले, आठवडाभर आरशात बघत होते.

रोज सकाळी आजोबा मागचं दार सताड उघडं टाकून लोखंडी तव्यात जव भाजत. त्याचं पाणी उकळून दिवसभर प्यायचं, गरम किंवा गार, तहान लागेल तसं. एकदा त्यांनी आम्हाला प्यायला बोलावलं. आमच्या ह्यांनी अर्धा कप कसाबसा संपवला आणि घरी आल्यावर म्हणाले, "सातू धुतलेलं पाणी देतात आणि वर चहा म्हणतात!" मला मात्र ते आवडलं. मग माझ्यासाठी एक बाटली कुंपणावर ठेवलेली असे.

भाजता भाजता ते गुणगुणत. एकच चाल, रोज तीच. सुरुवात संथ, चार पावलं चढून जरा थांबावं आणि पुन्हा चढावं अशी. तिथवर मला कुंपणाअलीकडे स्पष्ट ऐकू येई. मग तव्यातले जव तडतडू लागत आणि आजोबा आवाज बारीक करत. पुढचं सगळं त्या तडतडीखाली जाई. मी एकदा त्यांना विचारलं की जव झाले हे तुम्हाला कसं कळतं, तर म्हणाले, "गाणं संपलं की जव झाले." माझा हात पेटीवरचा. ऐकलेला सूर पकडायची खोड जुनी. मी त्या चालीचा पुढचा भाग मागितला तेव्हा त्यांनी हसून मान हलवली. "ते जवासाठी आहे. माणसांना आवडणार नाही." मीही हट्ट धरला नाही. म्हाताऱ्या माणसाची एखादी तरी गोष्ट त्याच्याकडेच राहू द्यावी, असं मला तेव्हा वाटलं.

ते संगीतकार होते हे मला फार उशिरा कळलं, आणि तेही भांडणातून म्हणावं लागेल. आमच्या घरी गुरुवारी भजन असे. हॅरो, स्टॅनमोरकडच्या चारपाच जणी येत, मी पेटीवर. आजोबा कोपऱ्यातल्या खुर्चीत बसून ऐकत. एका गुरुवारी पाहते तो गाणाऱ्या बाईने शब्द उचलला की आजोबा तळहात जमिनीकडे दाबत माझ्याकडे बघताहेत. शब्द आला की हात खाली. शब्द थांबला की हात वर. मला वाटलं, हे मला गप्प बसवताहेत! माझ्याच घरात! भजन संपल्यावर मी जरा फणकाऱ्यानेच विचारलं, "आजोबा, माझी पेटी तुम्हाला फार मोठी वाटते का?" त्यांनी अगदी गंभीरपणे सांगितलं, "मोठी नाही. जवळ आहे. माणूस बोलू लागला की वाद्याने मागे जावं." मी म्हटलं, "एवढी पेटी उचलून मी मागे कशी जाऊ?" त्यावर ते उठले, स्वतःची खुर्ची उचलली आणि भिंतीपर्यंत मागे जाऊन बसले. "आता बरोबर," म्हणाले. सगळ्याजणी हसल्या, मीही हसले, आणि त्या दिवसापासून ते मला थोडं थोडं सांगू लागले.

कोरियातली लढाई नुकतीच थांबलेली, सेऊल अर्धं पडलेलं, आणि तशातही लोकांना सिनेमा हवा होता. आजोबा त्या सिनेमांना संगीत देत. 'देत' हा शब्द आपल्या डोळ्यांपुढे जे उभं करतो त्यातलं तिथे काहीच नव्हतं. एक खोली, भिंतींवर आवाज अडवायला टांगलेली लष्करी ब्लँकेटं, आणि सगळ्यांत मिळून एकच मायक्रोफोन. पडद्यावर मुकी फिल्म चालू करायची. एका बाजूला नटनटी पडद्यावरच्या ओठांकडे बघत संवाद म्हणणार, खाली बसलेला एकजण ट्रेमधल्या खड्यांवर बूट आपटून पावलं वाजवणार, आणि मागे वाजवणारे. सगळं एकदम, एकाच वेळी, फिल्मच्या एकाच पट्टीवर. आवाज लहानमोठा करणारं यंत्र नव्हतं. म्हणून आजोबांनी वाजवणाऱ्यांना चालायला शिकवलं. पडद्यावर ओठ हलले की व्हायोलिनवाल्याने वाजवत वाजवत चार पावलं मागे जायचं, ओठ मिटले की वाजवत पुढे यायचं. बुटांचा आवाज येऊ नये म्हणून सगळे मोज्यांवर. आजोबा मध्ये उभे राहून हाताने त्यांना पुढे बोलवत, मागे पाठवत. त्यातलेच बरेचसे वाजवणारे संध्याकाळी सैनिकांच्या छावणीत नाचाची गाणी वाजवायला जात, त्यामुळे ऊन उतरायच्या आत काम संपवावं लागे. वेळ इतका थोडा की सगळ्या सिनेमाला पुरेल एवढं संगीत लिहून होतच नसे. मग बाजारातून आणलेल्या जुन्या रेकॉर्ड, युरोपातल्या सिंफन्या वगैरे, त्यांतले तुकडे निवडून मधल्या जागा भरायच्या. "निम्मं काम रेकॉर्ड उलटण्याचं," आजोबा म्हणत. "संगीतकार कसला? मी ट्रॅफिक पोलीस होतो."

एक गोष्ट मात्र सांगताना ते अजूनही ओशाळत. एका सिनेमात एक जागा अशी होती की तिथे कुणीच बोलत नव्हतं. बराच वेळ. तिथे त्यांना स्वतःचं काहीतरी करता आलं. व्हायोलिनवाला अगदी मागच्या भिंतीपासून चालत निघाला, वाजवत वाजवत मायक्रोफोनपर्यंत आला, सगळं मनासारखं झालं, आणि शेवटच्या पावलाला त्याच्या पायाखालची फळी कुरकुरली. पुन्हा करायला पट्टी उरलेली नव्हती. कुरकुर तशीच राहिली. मी म्हटलं, आता कोण ऐकतंय? तर ते म्हणाले, "कोणीच नाही. त्या सिनेमाच्या टोप्या झाल्या." मला वाटलं त्यांचं इंग्रजी घसरलं. पण खरंच, त्या काळी जुन्या फिल्मच्या पट्ट्या कापून उन्हाळी गवती टोप्यांच्या कडेला लावत, कड ताठ राहावी म्हणून. "माझी ती फळी कुणाच्यातरी डोक्यावर उन्हात फिरून आली," असं म्हणून ते इतके हसले की त्यांना ठसका लागला.

मला या गोष्टी आवडत. शेजारणीला मात्र त्यांत गोडी नव्हती, आणि तिचं काही चुकत होतं असंही मी म्हणणार नाही. ती एकदा मला म्हणाली होती, "तुझ्याशी बोलतात. माझ्याशी कधी बोलले? मी बोलायला लागले की बाबा उठून खिडकीपाशी जातात. इंग्रजाशी लग्न करणार म्हणून सांगितलं तेव्हासुद्धा असेच खिडकीपाशी गेले. हो नाही, की नको नाही." घरात कुणी बोलू लागलं की आजोबा रेडिओ बारीक करत आणि दोन पावलं मागे सरत, हे मीही पाहिलं होतं. मला ते गमतीचं वाटे. मुलीला ते लागे.

आजोबा गेले तेव्हा त्यांच्यामागे या सिनेमांतलं काहीच उरलं नव्हतं. तव्याचा ताबा शेजारणीकडे आला आणि आमच्या आळीत करपट वास सुरू झाला. ती हुशार बाई, वॉर्डात सगळ्यांना सरळ केलेली, पण एवढ्याशा जवांनी तिच्या नाकी नऊ आणले. फोनवर टायमर लावून झाला, मंद आच, मोठी आच, सगळं झालं. मी तिला म्हटलं, "अगं, गाणं संपलं की जव होतात, असं आजोबा म्हणायचे. तू गाऊन बघ ना." ती तवा घासता घासता थांबली. "मला अर्धंच येतं. बाबा भाजायला लागले की माझी निघायची वेळ व्हायची. अर्ध्या गाण्याला मी दार ओढून घ्यायची. रोज." मलाही अर्धंच येत होतं, जव तडतडेपर्यंतचं. दोघींनी मिळून पेटीवर ते अर्धं वाजवलं आणि पुढे काय असेल याचे अंदाज बांधले, पण काही जमेना. शितावरून भाताची परीक्षा होते म्हणतात. गाण्याची होत नाही.

मग मागच्या हिवाळ्यात तिला लंडनमधल्या एका छोट्या थिएटरातून फोन आला. कुठल्याशा गोदामात जुने डबे सापडले होते, त्यांत आजोबांचं नाव असलेला एक सिनेमा निघाला. टोप्यांमधून वाचलेला. तो स्वच्छ करून रविवारी दुपारी दाखवणार होते, आणि नंतर तिने वडिलांबद्दल चार शब्द बोलावेत अशी त्यांची इच्छा होती. फोन ठेवून ती सरळ माझ्याकडे आली. तिची पाचावर धारण बसली होती. "मी काय बोलू? मला बाबांचं काहीही माहीत नाही. ते म्हणायचे निम्म्या रेकॉर्डच होत्या. सगळ्याच असल्या तर? उभं राहून सांगू का, की माझे वडील रेकॉर्ड उलटायचे?" मी तिला सातूचं पीठ दूधगूळ घालून दिलं. अशा वेळी मला दुसरं काही सुचत नाही.

त्या रविवारी मी नॉटिंगहॅमला लेकीकडे जाणार होते. तिला फोन केला तर ती म्हणाली, "आई, डोन्ट बी सिली, तू तिच्याबरोबर जा. माझा शिफ्ट तसंही लेट आहे. नेक्स्ट वीकेंडला ये, मी स्टेशनला पिक अप करते. आणि तो मूव्ही कसा होती ते मला सांग, ओके?" इथे जन्मलेली आमची लेक. तिच्या मराठीतला सिनेमा पुल्लिंगी सुरू होऊन स्त्रीलिंगी संपतो, पण मन मात्र जागच्या जागी असतं. मग शेजारीण आणि मी मेट्रोपॉलिटन लाइनच्या गाडीने निघालो. आमचे हे स्टेशनपर्यंत सोडायला आले आणि शेजारणीला म्हणाले, "घाबरू नकोस, बोलायचं सुचलं नाही तर चहा प्यायला बोलाव सगळ्यांना." ती हसली नाही.

थिएटर निम्मंअधिक भरलेलं होतं. कोरियन मुलंमुली, काही इंग्रज म्हातारे, पहिल्या रांगेत आम्ही दोघी. पडद्यावर काळंपांढरं सेऊल उभं राहिलं आणि आजोबांचं नाव आलं तेव्हा तिने माझा हात धरला. पण पुढे जे वाजत होतं ते ऐकून माझाही जीव खाली खाली जाऊ लागला. बाजाराच्या गर्दीवर एक सिंफनीचा तुकडा, भांडणावर दुसरा. रेकॉर्डची खरखरसुद्धा ऐकू येत होती. संवाद सुरू झाला की तो तुकडा मध्येच कापलेला. शेजारणीचा हात माझ्या हातात गार पडत चालला. मध्येच ती माझ्या कानाशी म्हणाली, "मी पुढे जाणार नाही. त्यांना सांग, माझी तब्येत बरी नाही." खरं सांगायचं तर मीही मनातल्या मनात तिच्यासाठी सबब शोधत होते.

आणि मग ती चढण आली. टेकडीवर पत्र्याच्या, खोक्यांच्या झोपड्या, खाली गावातला नळ, आणि सिनेमातली ती बाई खांद्यावर पाण्याच्या डब्यांची कावड घेऊन वर निघालेली. बर्फ वितळून झालेला चिखल. ती चार पावलं चढते, थांबते, खांदा बदलते, पुन्हा चढते. कुणी बोलत नाही. आणि कुठूनतरी लांबून, आधी ऐकू येतं आहे की नाही असं वाटावं इतक्या लांबून, एक व्हायोलिन चालत यायला लागलं. चार पावलं चढून थांबावं, पुन्हा चढावं. माझ्या बोटांना आधी कळलं, मग मला. मी शेजारणीकडे पाहिलं. तिचे ओठ हलत होते. आमच्याकडचं अर्धं संपलं, आणि व्हायोलिन थांबलं नाही. जिथे आजोबा आवाज बारीक करत, जिथे ती रोज दार ओढून घ्यायची, तिथून ते पुढेच आलं, मोठं होत, जवळ येत. बाई टेकडीच्या माथ्यावर पोचली. तिने कावड उतरवली. शेवटचा लांब सूर अगदी कानाशी येऊन उभा राहिला आणि त्याच्याखाली, स्पष्ट, एक फळी कुरकुरली.

मी थिएटरात आहे हे विसरून मोठ्यांदा म्हणाले, "फळी!" मागच्या रांगेतल्या गृहस्थांनी मला श्श केलं. मग मी शेजारणीच्या कानाशी लागून भराभरा सांगितलं, हे रेकॉर्डवरचं नाही, रेकॉर्डमध्ये फळ्या कुरकुरत नाहीत, हे त्या खोलीतलं आहे, हे आजोबांचं आहे. "मला माहीत आहे," ती म्हणाली. "हे जवाचं आहे." ती रडत होती आणि तिला ते लपवायचं नव्हतं. मीही रडले. आनंदाने रडणं म्हणजे काय ते पुष्कळ दिवसांनी कळलं.

दिवे लागल्यावर ती उठली, माझा आधार न घेता पुढे गेली. ती जे बोलली ते मला जवळजवळ पाठ आहे. "मी इथे आले तेव्हा मला वडिलांबद्दल काही सांगता येणार नव्हतं," ती म्हणाली. "ती टेकडीवरची चाल मी घरात रोज ऐकली, पण कामावर जायच्या घाईत निम्मीच. आज पहिल्यांदा पुरी ऐकली. माझ्या वडिलांच्या कामात एक नियम होता. माणूस बोलायला लागला की संगीताने मागे जायचं. घरातही ते असेच मागे जायचे. मला वाटायचं, त्यांना माझ्याशी बोलायचंच नाही. तसं नव्हतं. मी बोलत होते, म्हणून ते मागे जात होते." एवढं बोलून ती थांबली, आणि लोकांना वाटलं अजून काही येणार आहे, म्हणून टाळ्या जरा उशिराच आल्या.

परतीच्या गाडीत शेजारीण ती चाल आठवत होती, बोटाने मांडीवर ठेका धरून, मध्येच अडली की माझ्याकडे बघायची आणि मी पुढचा सूर सुचवायची. थिएटरात ऐकलेलं दोघींना जेवढं आठवत होतं ते जोडून पिनर येईपर्यंत गाणं पुरं झालं. आता ते माझ्या पेटीतही आहे, पण मी गुरुवारी वाजवत नाही. ते जवासाठी आहे, असं खुद्द संगीतकाराने सांगितलेलं आहे.

मला कधी कधी वाटतं, आपल्याकडे साथीला बसणाऱ्याचं नाव निवेदक शेवटी, घाईत घेतात, तसं आयुष्यातल्या कितीतरी माणसांचं होतं. आपण बोलत असतो आणि ती भिंतीशी जाऊन बसलेली असतात. आपल्याला वाटतं, त्यांना आपल्यात रस नाही. मी हल्ली भजनात शब्द आला की भाता हलका सोडते. आमचे हे काही सांगू लागले की हातातलं काम खाली ठेवून जरा मागे टेकून बसते. त्यांनी एकदा संशयाने विचारलं, "बरं वाटत नाहीये का तुला?" इतकी वर्षं मी मधेच बोलायची, त्याची त्यांना सवय झालेली.

आज सकाळी थंडी फार होती. शेजारणीचं मागचं दार बंद, खिडक्या बंद, आतलं काही ऐकू यायचा प्रश्नच नव्हता. पण तिच्या स्वयंपाकघरातल्या पंख्याच्या जाळीतून वास आला, कच्चा नाही, करपलेला नाही, खमंग. मी गॅस बारीक केला आणि खिडकीशी उभी राहिले. आज ती गाणं अर्धं टाकून कुठे गेली नव्हती.